‘डूम २०९९’: खलनायकाला सुधारू न देणारी मालिका

माटुंग्याला किंग्ज सर्कलच्या फुटपाथवर, जुन्या पुस्तकांच्या गठ्ठ्यात ‘डूम २०९९’ या इंग्रजी कॉमिक मालिकेचे काही सुटे अंक मिळालेल्या एका विद्यार्थ्याने तीन प्रश्न विचारले आहेत. ही मालिका नेमकी काय होती, ती विस्मरणात का गेली आणि खलनायकाला मध्यभागी बसवून एखादी मालिका वर्षानुवर्षे कशी चालवता येते? विचारणारे उपयोजित कला शिकत आहेत आणि भविष्यातल्या मुंबईत घडणारी, खलनायकाचीच अशी एक मराठी चित्रमालिका करण्याचे त्यांच्या मनात आहे. चित्रकथांच्या पटकथा लिहिण्यात आणि इतरांच्या पटकथा तपासण्यात माझी बरीच वर्षे गेली आहेत. ही मालिका मी तरुणपणी मिळतील तसे अंक जुळवत वाचली आणि पुढे कामाच्या निमित्ताने सलग वाचली. तिन्ही प्रश्न एकमेकांत गुंतलेले असल्यामुळे उत्तरही तसेच देतो.

माझे मत आधीच सांगून टाकतो. या मालिकेने खलनायकाला सुधारण्याचा मोह टाळला, हे तिचे खरे कर्तृत्व आहे. तिने त्याला होता तसाच ठेवला आणि त्याच्याभोवतीचे जग असे बदलले की, त्याचा अहंकार, त्याचा हट्ट आणि कुणाचेही न ऐकण्याची त्याची सवय हेच गुण वाटू लागावेत. आणि वाचक त्याच्या बाजूने पुरता झुकल्यावर त्याच गुणांची किंमत तिने वसूल करून दाखवली. हे काम दिसते त्याहून फार अवघड आहे.

हा डूम कोण, हे थोडे मागे जाऊन सांगायला हवे. व्हिक्टर व्हॉन डूम हे पात्र जुलै १९६२ च्या ‘फँटॅस्टिक फोर’ या चार नायकांच्या मालिकेच्या पाचव्या अंकात लेखक स्टॅन ली आणि चित्रकार जॅक कर्बी यांनी आणले आणि त्याची पूर्वकथा १९६४ च्या वार्षिकांकात सांगितली. लॅट्व्हेरिया नावाच्या काल्पनिक युरोपीय देशातल्या भटक्या रोमा कुटुंबात तो जन्मला. त्याचे वडील वैद्य होते; सरदाराची आजारी पत्नी त्यांच्या हातून वाचली नाही म्हणून त्यांना लहान मुलाला घेऊन पळावे लागले आणि बर्फात मुलाला ऊब देता देता ते गेले. मुलगा पुढे अमेरिकेत शिकायला गेला, तिथे मृत आईपर्यंत पोचण्यासाठी त्याने एक यंत्र बनवले, सहाध्यायी रीड रिचर्ड्सने (पुढे याच चौघांचा म्होरक्या) गणितातली चूक दाखवली तेव्हा त्याने ऐकले नाही, स्फोट झाला आणि चेहरा जखमी झाला. त्या चेहऱ्यावर लोखंडी मुखवटा चढवून तो लॅट्व्हेरियाला परतला आणि राजा झाला. या सगळ्यात ध्यानात ठेवायची गोष्ट एकच आहे: बाकीच्या खलनायकांना तिजोरी फोडायची असते किंवा सूड घ्यायचा असतो, याला राज्य चालवायचे असते. त्याच्याकडे देश आहे, प्रजा आहे, वकिलाती आहेत. लेखक-चित्रकार जॉन बर्नने १९८२ मध्ये ‘फँटॅस्टिक फोर’च्या २४७ व्या अंकात, डूम पदच्युत झाल्यानंतरचे, झोर्बा नावाच्या राजपुत्राचे राज्य दाखवले आणि ते इतके वाईट निघाले की, डूमचे हाडवैरी असलेले नायकच त्याला गादी परत मिळवून द्यायला मदत करतात. ‘डूम २०९९’चे बी मला त्या अंकात दिसते.

तरीही खलनायकाच्या नावाची, त्याच्याच बाजूने सांगितलेली मालिका अमेरिकेत सहज निघत नव्हती, आणि त्यामागे निव्वळ आवडीनिवडीपलीकडचे कारण होते. तिथल्या प्रकाशकांनी १९५४ मध्ये स्वतःवर एक आचारसंहिता घालून घेतली. गुन्हेगाराबद्दल सहानुभूती वाटेल असे काही छापायचे नाही आणि शेवटी सत्याचाच विजय दाखवायचा, हे तिच्यातले मुख्य कलम. १९७१ नंतर ती सैल झाली, तरी तिची छाया पुढे बरीच वर्षे राहिली. १९७५ मध्ये बॅटमॅनचा शत्रू जोकर याच्या नावाने निघालेली मालिका नऊ अंकांत बंद पडली, कारण दर अंकाच्या शेवटी त्याला कुठल्या ना कुठल्या प्रकारे हरवावेच लागे. दर महिन्याला हरणाऱ्या माणसाची उत्कंठा कुणाला राहणार? त्याच वर्षी डूमच्या प्रकाशकांनी, म्हणजे मार्व्हलने, दोन खलनायकांना एकत्र आणणारी मालिका काढली आणि डूम त्यात प्रमुख होता, पण तीही १७ अंकांपलीकडे गेली नाही. १९८७ च्या ‘एम्परर डूम’ या एकखंडी कथेत डूम साऱ्या जगाचा सम्राट होतो, युद्धे थांबतात, आणि मग फायलींच्या कामात त्याचा जीव रमत नाही. कथा हुशार आहे. मात्र सत्तेचा प्रश्न ती डूमच्या कंटाळ्यावर सोडवते आणि लोकांना तो राजा हवा होता का, या प्रश्नाला बगल देते.

१९९२ च्या अखेरीस मार्व्हलने १०७ वर्षांपुढचे जग उभे करणाऱ्या मालिकांचा एक संच सुरू केला. मुखपृष्ठांवरचे महिने पाहिले तर नोव्हेंबरात ‘स्पायडर-मॅन २०९९’, डिसेंबरात स्टॅन ली यांनी स्वतः लिहिलेली ‘रॅव्हेज २०९९’, जानेवारी १९९३ मध्ये ‘डूम २०९९’ आणि फेब्रुवारीत ‘पनिशर २०९९’. संपादक जोई कॅव्हालिएरी. ‘डूम’चे लेखन जॉन फ्रान्सिस मूर यांचे आणि रेखाटन पॅट ब्रॉडरिक यांचे.

या जगात सरकार नावापुरते उरले आहे आणि खरी सत्ता अल्केमॅक्स, स्टार्क-फुजिकावा, सिंथिया अशा महाकाय कंपन्यांकडे आहे. पोलिसही खाजगी आहेत. ज्याच्याकडे काळे कार्ड आहे त्याला संरक्षण, ज्याच्याकडे नाही त्याला नाही. ‘पनिशर २०९९’मध्ये ज्या गुंडाने एका पोलिसाचे सगळे कुटुंब मारले, तो पैसे भरून सुटतो, कारण त्याचा बाप कंपनीचा बडा अधिकारी आहे. न्यूयॉर्कचे वरचे मजले श्रीमंतांचे आणि त्यांच्या खाली, उजेड न पोचणारे शहर गरिबांचे. अमेरिकेत हे अंक वाचणाऱ्यांना ही कल्पनेची भरारी वाटली असेल. मी ते परळमध्ये वाचत होतो. १८ जानेवारी १९८२ ला सुरू झालेल्या गिरणी संपाने गिरणगाव मोडले होते आणि १९९१ च्या विकास नियंत्रण नियमावलीतल्या ५८ व्या नियमाने गिरण्यांच्या जमिनी इमारतींसाठी खुल्या होऊ लागल्या होत्या. ज्या चाळीत मी ते पान उलटत होतो, तिच्या मागच्या गिरणीच्या भोंग्याची वेळ चाळकऱ्यांना अजून तोंडपाठ होती आणि भोंगा वाजत नव्हता. शहर कुणाचे आणि ते कोण ठरवतो, हा प्रश्न आम्हाला २०९९ पर्यंत थांबून विचारण्याची गरज नव्हती. विचारणाऱ्याने भविष्यातली मुंबई उभी करताना उडत्या मोटारींआधी या गोष्टीचा विचार करावा, असे मी आग्रहाने सांगेन.

आता मालिकेकडे. पहिल्या संचातल्या इतर नायकांकडे जुनी नावे असली तरी माणसे नवी होती. स्पायडर-मॅन हा मिगेल ओहारा नावाचा शास्त्रज्ञ होता, पनिशर हा जेक गॅलोज नावाचा पोलीस. डूम मात्र डूमच होता. लॅट्व्हेरियातल्या आपल्या किल्ल्याच्या पडक्या अवशेषांत, विजांच्या लोळात तो अचानक प्रकट होतो. आपण इथे कसे आलो हे त्याला आठवत नाही. शरीर तरुण झालेले आहे, चेहऱ्यावर व्रण नाही, आणि देशावर टायगर वाइल्ड नावाचा अर्धा यंत्र असलेला हुकूमशहा बसला आहे. डूम थेट त्याच्यापुढे जाऊन आपले राज्य परत मागतो. वाइल्ड त्याला हरवतो, कारण डूमचे चिलखत शंभर वर्षे जुने आहे. आणि हरवताना त्याचा चेहरा जाळतो.

पटकथेच्या दृष्टीने हा पहिला अंक मी शिकवताना नेहमी घेतो, आणि त्याचे कारण हा जळलेला चेहरा आहे. मूळ कथेत डूमची जखम त्याच्याच गर्विष्ठपणाची खूण आहे. गणित चुकले होते आणि त्याने ऐकले नव्हते. इथे लेखकाने त्याला एक अंकभर, तोही अपुरा, निर्दोष चेहरा दिला. नव्या आयुष्याची संधी आहे, जुना हिशेब पुसला गेला आहे, आणि तरीही तो पहिल्याच दिवशी तेच करतो: शत्रूची ताकद न जोखता, आपले नाव पुरेसे आहे अशा समजुतीने समोर उभा राहतो. जखम परत मिळते. ‘आमचे पात्र बदलणार नाही’ हे लेखकाने कुठेही न सांगता, घटनेतून सांगितले आहे. पुढे रोमा लोकांच्या तांड्यात त्याला आसरा मिळतो, फॉर्च्युन नावाची तरुणी आणि वायर नावाचा संगणकजाळ्यात शिरणारा मुलगा त्याच्या सोबत येतात, नवे चिलखत घडते आणि वाइल्डचा पाडाव होतो. पण देश ताब्यात आल्यावर त्याला कळते की, लॅट्व्हेरियाचे भवितव्य लॅट्व्हेरियात ठरत नाही. ते दूरच्या कंपन्यांच्या बैठकांत ठरते. तिथून त्याची नजर अमेरिकेकडे वळायला सुरुवात होते.

सुरुवातीच्या पंचवीसेक अंकांत सगळे चांगलेच आहे असे मी म्हणणार नाही. मधले काही अंक संगणकजाळ्यातल्या भटकंतीत रेंगाळतात, आणि नव्वदीच्या सुरुवातीला ‘भविष्य’ म्हणून जे जे काढले जाई, तारा, आरसे, काटेरी खांदे, ते सगळे इथेही आहे. तो खरा डूम आहे की कुणी बनवलेली नक्कल, हे कोडे लेखक बराच काळ ताणतो. मला ते ताणणे मान्य आहे. आपण तोच आहोत याची खात्री नसलेला माणूस जेव्हा क्षणभरही न डगमगता राजासारखा वागतो, तेव्हा त्याचे राजेपण रक्तातून आले की निव्वळ इच्छेतून, हा प्रश्न वाचकाच्या मनात राहतो.

चित्रांबद्दल थोडे सविस्तर लिहितो, कारण विचारणारे चित्रकार आहेत. ब्रॉडरिक यांची रेषा बारीक आणि तपशिलांनी भरलेली आहे; ‘मायक्रोनॉट्स’ आणि ‘कॅप्टन ॲटम’ या मालिकांमुळे ती वाचकांच्या ओळखीची होती. त्यांच्यापुढची अडचण जुनीच होती: ज्याचे तोंड हलत नाही, भुवया उंचावत नाहीत, त्या पात्राकडून अभिनय कसा करून घ्यायचा? कर्बी यांनी ते हातांवर सोपवले होते. त्यांचा डूम बोटे पसरून, पंजा पुढे करून बोलतो. माझ्याकडे येणाऱ्या शिकाऊ चित्रकारांना मी एक पान करायला लावतो. सहा चौकटी, मुखवट्यातला राजा सिंहासनावर, दूत येऊन वाईट बातमी सांगतो, आणि राजाच्या तोंडी संवादाचा एकही फुगा द्यायचा नाही. बहुतेक जण पहिल्या थंबनेलमध्ये, म्हणजे छोट्या कच्च्या आराखड्यात, मूठ आवळतात, दुसऱ्यात मान झुकवतात आणि तिथे अडकतात. ज्यांना जमते ते राजाला सहाही चौकटींत जवळजवळ त्याच बैठकीत ठेवतात आणि बाकी सगळे हलवतात. प्याला भरणारा नोकर तिसऱ्या चौकटीत थांबतो, चौथीत प्याला सांडेपर्यंत भरतो, पाचवीत दाराशी उभे असलेले पहारेकरी एकमेकांकडे पाहतात. सहाव्या चौकटीत आपण मुखवट्याच्या इतके जवळ जातो की, फक्त डोळ्यांच्या दोन फटी उरतात. धातू तोच आहे, रेषा त्याच आहेत. राग वाचकाने भरला. खलनायकाची मालिका चालते ती याच पद्धतीने: तो काय आहे हे त्याच्या भोवतालची माणसे कशी वागतात त्यावरून कळते. म्हणून मूर यांना फॉर्च्युन आणि वायर लागले. त्यांच्यापैकी कुणीही डूमचे भाट नाही. ते त्याच्या उपकाराखाली आहेत, त्याला घाबरतात, त्याच्यावर विसंबतात, आणि अधूनमधून त्यांना स्वतःचीच शरम वाटते. वाचकाला उभे राहायला ती जागा आहे.

फेब्रुवारी १९९५ च्या २६ व्या अंकापासून वॉरन एलिस यांनी लेखन हाती घेतले आणि ३९ व्या अंकापर्यंत सांभाळले. ते तेव्हा नवे होते. पुढे त्यांनी भविष्यातल्या पत्रकाराची ‘ट्रान्समेट्रोपॉलिटन’ ही मालिका लिहून नाव कमावले. त्यांनी मालिकेतली रेंगाळ छाटली आणि २९ व्या अंकापासून डूमला थेट अमेरिकेच्या गादीवर बसवले. तो देश जिंकतो, स्वतःला राष्ट्राध्यक्ष घोषित करतो, कंपन्यांना वेसण घालतो. संचातल्या इतर मालिकांतली पात्रेही त्याच्या राजवटीत ओढली जातात. पनिशर तर त्याच्या मंत्रिमंडळात शिक्षा देण्याचे खाते सांभाळतो.

हा भाग वाचताना मुंबईकराने जरा सावध राहावे. ‘या देशाला एक हुकूमशहाच पाहिजे, सहा महिन्यांत सुतासारखा सरळ होईल’ हे वाक्य आपण सकाळच्या फास्ट लोकलमध्ये, नाक्यावर, लग्नाच्या पंगतीत ऐकत मोठे झालो आहोत. बोलणारा माणूस बहुधा चांगला असतो. रस्त्यातले खड्डे, कोर्टाच्या तारखा आणि टेबलाखालचे पैसे यांनी तो थकलेला असतो. एलिस त्या माणसाची इच्छा चेष्टेवारी नेत नाहीत, आणि म्हणून हे लेखन मला आजही महत्त्वाचे वाटते. डूमचे राज्य खरोखर काही गोष्टी नीट करते. ज्या कंपन्यांना कुणी हात लावू शकत नव्हते त्यांना तो हात लावतो. वाचकाला बरे वाटते, आणि लेखक ते बरे वाटू देतो. मग हळूहळू दिसू लागते की, या राज्यात सगळ्या गोष्टी एका माणसाच्या लक्ष देण्यावर चालतात आणि त्याचे लक्ष जिथे नाही तिथे काहीच नाही. कंपन्या ‘कॅप्टन अमेरिका’ हा जुना राष्ट्रनायक असल्याचा दावा करणारा एक तोतया उभा करतात आणि देश त्याच्यामागे जातो, कारण ज्या लोकांना एकदा तारणहार मानायची सवय लागली त्यांना दुसरा तारणहार मानायला वेळ लागत नाही. आणि लॅट्व्हेरियावर नेक्रोटॉक्सिन नावाचे विष सोडले जाते. ज्या प्रजेसाठी म्हणून तो निघाला होता, ती जवळजवळ सगळी मरते.

इथे लेखकाला दोन सोपे रस्ते मोकळे होते. डूम रडतो, पश्चात्ताप करतो, नायक होतो, हा एक. किंवा त्याचा मुखवटा गळून आतला राक्षस दिसतो आणि वाचक सुटतो, हा दुसरा. एलिस दोन्ही टाळतात. डूम दुःखी होतो ते मालकासारखा, आपले कुणी हिरावले म्हणून. त्या दुःखात प्रेम किती आणि मालकी किती हे वेगळे काढता येत नाही, आणि पुढचे त्याचे प्रत्येक कृत्य त्या गुंत्यातून येते. मराठी वाचकाला हे परके वाटू नये. विद्वान, शिवभक्त, आपल्या नगरीचे वैभव वाढवणारा रावण आणि तीच नगरी स्वतःच्या हट्टापायी जाळून घेणारा रावण हे दोन वेगळे पुरुष नाहीत, हे आपल्याला कीर्तनकारांनी फार पूर्वी शिकवले आहे. योगायोग असा की, मालिका सुरू झाली त्याच १९९३ साली मुंबईच्या हिंदी चित्रपटांतही ‘खलनायक’, ‘बाजीगर’ आणि ‘डर’ एकापाठोपाठ येऊन वाईट माणूस पडद्याच्या मधोमध उभा राहिला होता. तिथे मात्र त्याच्या वाईटपणाला आईचे अश्रू, बापाचा अपमान किंवा प्रेमातले वेड अशी काही तरी सबब दिली जाई. डूमची पूर्वकथा करुण असूनही २०९९ च्या मालिकेत ती सबब म्हणून क्वचितच पुढे केली जाते. विचारणाऱ्याने आपल्या पात्रासाठी बालपणीचा प्रसंग लिहून ठेवला असेल तर तो लिहिलेला राहू द्यावा, पण निदान पहिल्या दहा भागांत छापू नये.

मग इतकी चांगली मालिका विस्मरणात कशी गेली? तिच्या गुणवत्तेशी याचा फारसा संबंध नाही. नव्वदीच्या सुरुवातीला अमेरिकेत कॉमिक विकत घेणारे पुष्कळ लोक ते वाचण्यासाठी घेत नव्हते. पुढे भाव येईल म्हणून पहिल्या अंकाच्या पाचपाच प्रती प्लास्टिकच्या पिशवीत घालून ठेवत होते. १९९१ च्या ‘एक्स-मेन’च्या पहिल्या अंकाच्या ८० लाखांहून अधिक प्रती गेल्या त्या या हवेत. १९९२ मध्ये मार्व्हलचे सात लोकप्रिय चित्रकार बाहेर पडून त्यांनी ‘इमेज’ ही स्वतःची प्रकाशनसंस्था काढली, आणि मार्व्हलला नावांवर विसंबता येईना तेव्हा कल्पनांवर आणि मुखपृष्ठांवर विसंबावे लागले. ‘डूम २०९९’चा पहिला अंकही चमकत्या धातुपत्राच्या चौकटीत आला. जे अंक साठवण्यासाठी घेतले गेले ते वाचले गेले नाहीत, आणि जे वाचले गेले नाहीत त्यांची आठवण कुणी काढणार नव्हते. साठेबाजीचा हा फुगा फुटला तशी दुकाने बंद पडू लागली. मार्व्हलने १९९४ च्या अखेरीस स्वतःसाठी एक वितरण संस्था विकत घेऊन वितरणाची घडीच विस्कटून टाकली आणि डिसेंबर १९९६ मध्ये दिवाळखोरीचा अर्ज केला.

त्याआधीच, १९९६ च्या खर्चकपातीत कॅव्हालिएरी यांना काढून टाकण्यात आले. संपादकाला काढले तर काय होते हे बाहेरच्यांना कळत नाही, म्हणून या गोष्टीवर मी जरा थांबतो. २०९९ चा संच म्हणजे अनेक लेखकांनी एकाच वेळी लिहिलेले एकच जग होते. डूमने अमेरिका जिंकली की, स्पायडर-मॅनच्या अंकातल्या बातमीत ती दिसायला हवी, पनिशरच्या अंकात नवा गणवेश दिसायला हवा, आणि या सगळ्यांचे वेळापत्रक जुळवणारा माणूस एकच असतो. तो गेल्यावर ‘स्पायडर-मॅन २०९९’चे लेखक पीटर डेव्हिड आणि एलिस यांनीही संच सोडला. ‘डूम’ ऑगस्ट १९९६ च्या ४४ व्या अंकाने संपली. उरलेल्या पात्रांना एकत्र करून ‘२०९९: वर्ल्ड ऑफ टुमॉरो’ म्हणून एक मालिका चालवून पाहिली, ती आठ अंकांत आटोपली. संचातला स्पायडर-मॅन पुढे खेळांमुळे आणि चित्रपटांमुळे लोकांच्या डोळ्यांसमोर राहिला, कारण त्याचा पोशाख देखणा आहे आणि त्याची गोष्ट दोन ओळींत सांगता येते. राज्यशास्त्राचा धडा देणारा खलनायक खेळण्याच्या खोक्यावर मावत नाही.

आपल्याकडे त्यात आणखी एक अडचण होती. मुंबईत तयार होणाऱ्या चित्रकथांनी वाचकाला वेगळे वळण लावले होते. इंद्रजाल कॉमिक्सने १९६४ पासून वेताळ मराठीत घरोघरी पोचवला आणि १९६७ पासून अमर चित्र कथेने एका पुस्तकात एक संपूर्ण आयुष्य सांगण्याची रीत रूढ केली. दोन्ही कामे मोठी आहेत आणि मी त्यांच्यावरच वाढलो. मात्र अंक हातात घेतला की, गोष्ट तिथेच पुरी व्हायला हवी ही अपेक्षा त्यांनी पक्की केली. फाउंटनला किंवा माटुंग्याला मिळालेला ‘डूम २०९९’चा सतरावा अंक अशा वाचकाला निव्वळ गोंधळात टाकणारा होता, आणि सोळावा किंवा अठरावा मिळण्याची खात्री नव्हती. सुट्या अंकांवर जगणाऱ्या शहरात सलग मालिकेची आठवण टिकणे अवघडच होते.

आता थोडे लक्ष या पात्राकडे पुन्हा वळले आहे. २०१९ मध्ये मार्व्हलने त्याच नावाचा एक स्वतंत्र अंक चिप झडार्स्की यांच्याकडून लिहून घेतला, आणि २०२५ मध्ये ‘वन वर्ल्ड अंडर डूम’ या रायन नॉर्थ लिखित मालिकेत डूम साऱ्या जगाचा सम्राट झाला. एलिस यांच्या कथेचे नाव ‘वन नेशन अंडर डूम’ होते, तेव्हा धागा कुठून आला हे उघड आहे. एलिस यांचे अंक २०१३ मध्ये एका संग्रहात एकत्र छापले गेले आहेत. तरीही विचारणाऱ्याने सुरुवात त्या संग्रहापासून करू नये. मूर यांचे पहिले काही अंक मिळवून आधी वाचावेत, मधले चाळावेत, आणि मग २६ व्या अंकापासून संग्रह घ्यावा. लॅट्व्हेरियाची माणसे आधी ओळखीची झाली नसतील तर त्यांच्या मृत्यूचा आघात वाचकापर्यंत पोचत नाही.

तुमच्या मालिकेबद्दल शेवटी दोन गोष्टी. तुमच्या खलनायकाला मुंबईत काय हवे आहे, ते एका वाक्यात लिहा, आणि ते वाक्य असे असू द्या की, विरारहून रोज लटकत येणारा कारकूनही मान डोलावेल: पाणी वेळेवर, घर परवडणारे, भरतीत न बुडणारा परळ. मग ते त्याला खरोखर साधू द्या, दहाव्या भागापर्यंत, कुठलीही पळवाट न ठेवता. त्याच्या भोवती दोन माणसे ठेवा, ज्यांचे त्याने भले केले आहे आणि ज्यांना त्यामुळे नाही म्हणता येत नाही. त्यांतल्या एकीला अकराव्या भागात नाही म्हणू द्या, आणि तो काय करतो ते लिहायला बसण्याआधी ते पान चित्रात काढून पाहा, एकही फुगा न भरता.